तीसपैकी नऊ

शुक्रवार, संध्याकाळ

राग अजून जात नाही. आज आमच्या आष्ट्याजवळच्या शाळेत शिक्षक भरतीच्या मुलाखती झाल्या. मुख्याध्यापक म्हणून मी समितीवर होतो. म्हसवडची एक मुलगी पहाटेच्या एसटीनं आली होती. तिनं सहावीला भाकरीचे तुकडे करून अपूर्णांक शिकवले. घंटा झाली तरी पोरं तिला सोडेनात!

मग संस्थेच्या सचिवांनी गुणांचा कागद पुढं सरकवला. आकडे आधीच भरलेले. त्यांच्या भाच्याला तीसपैकी अठ्ठावीस, तिला नऊ. भाच्यानं खडूसुद्धा हातात धरला नव्हता.

"हे मुलाखतीआधीच भरलंय," मी म्हणालो.

"आवं सर, सही करा. तुमची पेन्शनची फाईल आमच्याच टेबलावरनं जाणार हाय न्हवं?"

मी सही केली. का केली? नऊ! त्या तासाला नऊ?

यादी लागल्यावर ती फाटकापाशी मला गाठून म्हणाली, "सर, माझं काय चुकलं? सांगा, पुढच्या वेळी सुधारते."

खरं सांगायची छाती झाली नाही. "शिकवण्याचा सराव वाढव," म्हणालो. मी! लाज कशी वाटली नाही?

तिनं मान डोलावली आणि ते वहीत लिहून घेतलं.