दिवा वाढवा

२ फेब्रुवारी, सातारा

दिग्दर्शक जयराजसरांचा सत्कार. शाल, श्रीफळ आणि एक तलवार. तलवार कशाला, ते आयोजकांनाच ठाऊक! मी सहाव्या रांगेत. पत्रकाराने विचारलं, "सर, सिनेमात बाप जातो तिथे एकदम सगळा आवाजच बंद होतो. ही कल्पना कुणाची?" सर लाजले. फार सुंदर लाजतात. म्हणाले, "माझीच."

तो आवाज मी बंद केला होता. सांगलीत, माझ्या संकलनाच्या खोलीत, सरांशी तीन दिवस भांडून. मी टाळ्या वाजवल्या. चौदा वर्षांची सवय.

५ फेब्रुवारी, सांगली

शंभूराजशेठ पैसे घालायला तयार झाले! पिढीजात हळदीचे व्यापारी, गेल्या दिवाळीपासून कलेचे भोक्ते. सिनेमा माझा, दिग्दर्शन माझं! अट एकच: कच्चं संकलन ते बघणार, आवडलं नाही तर पुढचं काम जयराजसरांकडे. "तुमचं नाव राहील की संकलनात!" किती दिलदार माणूस.

सरांचाही फोन. "श्रद्धा, रशियातसुद्धा संकलक बाई दिग्दर्शक झालेली आहे हं." म्हणजे मला जमायला हरकत नाही, की मी रशियाला जावं, ते कळलं नाही.

एक ठरवलं. माझ्या सिनेमात ज्याचं श्रेय त्यालाच. इथे लिहून ठेवते.

१४ फेब्रुवारी, औंध

शेवटचा प्रसंग. मुलगा फौजेतून सुट्टीवर यायचाय, आई दिवसभर वाट बघते, अंधारून येतं, ती चिमणीची वात मोठी करते आणि दाराकडे बघत बसते. संपला सिनेमा. आईच्या कामाला हरणाबाई. सत्तरीच्या, जन्म मेंढरांमागे गेला, कॅमेऱ्याला भीक घालत नाहीत.

भर दुपारी त्यांच्याच घराच्या खिडकीला घोंगडी लावून संध्याकाळ केली. कॅमेरा चालू. वात काही मोठी होईना. मी ओरडले, "मावशी, दिवा वाढवा!"

फू! बाईंनी फुंकर मारली. मिट्ट काळोख. त्यात काहीतरी पुटपुटल्या.

"कट! कट! अहो, विझवला कशाला?"

"आवं, तुमीच म्हनला न्हवं, वाढवा म्हनून? दिवा इझवा म्हनत्यात व्हय कुनी? लय वंगाळ!"

खरंच की! आई रोज देवापुढचा दिवा 'वाढवते', 'विझवते' कधी म्हणत नाही. पण माझ्या खोलीत चौदा वर्षं 'वाढव' म्हणजे शॉट लांबव. दिग्दर्शकबाईंना मराठी येत नाही, एवढं सगळ्या युनिटला कळलं.

१५ फेब्रुवारी

सात टेक. सातही बिनचूक. सातही मेलेले.

३ मार्च, सांगली

दिग्दर्शकाने स्वतःचा सिनेमा स्वतः कापू नये, असं मीच सरांना ऐकवायचे. म्हणून संकलन पल्लवीकडे. सहा वर्षं माझी मदतनीस, कधी उलटून बोलली नाही. आज बोलली. शेवटी तिने विझलेला टेक लावलाय!

"ती चूक आहे, पल्लवी."

"मॅडम, आवाज तरी ऐका."

ऐकला. काळोखात हरणाबाई म्हणतात, "आज न्हाई आला. उद्या ईल." हे मी लिहिलेलं नव्हतं. त्यांचा तानाजी फौजेत आहे, दोन वर्षं घरी आलेला नाही. मला हे कॅमेरामननी सांगितलं. मी विचारलंच नव्हतं. लाज वाटली.

तरी नको म्हटलं.

६ मार्च

तीन दिवस भांडली पोरगी. शेवटी म्हटलं, ठेव. शेठना आवडलं नाही तर तुझं नाव सांगेन.

२० मार्च

शेठनी सिनेमा बघितला. शेवटी डोळे पुसत उठले. जयराजसर शेजारीच होते. शेठ म्हणाले, "सिनेमा तुमचाच, बाई! पण तो शेवटचा अंधार... काय कल्पना आहे! कुणाची?"

मी लाजले. म्हणाले, "माझीच."

पल्लवीने टाळ्या वाजवल्या.