नसीरचाचांची माती

मु. पो. मुळशी

तीर्थरूप कोंडाजीमामांस,

आरोहीचा वाकून (गळ्यातला कॅमेरा सावरून) नमस्कार. तुमचा गुडघा काय म्हणतो? मामींनी तेल चोळायचं सोडलं, की तुम्ही ओरडायचं सोडलंत? इकडे सगळे खुशाल, आई जरा जास्तच, ते पुढे येईलच. फोन न करता पत्र लिहितेय, कारण तुम्ही स्पीकर लावून बोलता आणि मग ते सगळं रिहे गाव ऐकतं.

सोनं काढणाऱ्या माणसांवर फिल्म करायची, असं मी ठरवलं होतं. खाणी पडल्या कर्नाटकात आणि माझी स्कूटर पिरंगुटच्या चढालाच धापा टाकते. पण त्याच पिरंगुटात नसीरचाचा आणि साबेराचाची सापडले. ते झारेकरी, म्हणजे सोनारांच्या दुकानातला केर विकत घ्यायचा, जाळायचा आणि घमेल्यात धुऊन धुऊन त्यातलं कणकण सोनं काढायचं. (चाचा केर नुसता चिमटीत धरून सांगतात, हा कारागीर घाईचा आहे.) तीन महिने ते कॅमेऱ्याला नाहीच म्हणत होते. "केरात हात घालायचं काम आमचं, त्यात बघायचं काय?" शेवटी चाचींनी त्यांना तयार केलं. त्यांच्या खोलीत उजेड नाही, म्हणून वर्षभराच्या केराची दोन पोती आमच्या अंगणात आणून ओतली.

आता तुमची बहीण. मी चाचा-चाचींना घेऊन आले, तर अंगण सारवलेलं, रांगोळी काढलेली आणि ढीग गायब! "कॅमेऱ्याम्होरं दारात केर? लोकं काय म्हनतील?" आईने तो उकिरड्यावर टाकला होता, आणि उकिरडा ट्रॅक्टरवाल्या शंभूने सकाळीच ट्रॉलीत भरून नेला होता. मामा, मला रडूच फुटलं. दोघांचं वर्षाचं पोट होतं ते. चाची मात्र अंगणभर फिरून आल्या आणि अशा हसत सुटल्या की पदर तोंडाला लावावा लागला. "लई नीट झाडलंय वो, येक कन ठिवला न्हाई!" मग त्यांनी आईचा झाडूच मागून घेतला, घमेल्यात उलटा आपटला, धुतला, तर तळाशी तीन पिवळे ठिपके! आई तर टाळ्या पिटायला लागली. एरवी मोजकंच बोलणारे चाचा तिला घमेलं कसं फिरवायचं ते शिकवत बसले. सगळं कॅमेऱ्यात आलंय. इतका आनंद मला कधी झाला नव्हता.

मामींना नमस्कार, पोरांना पापा.

तुमची लाडकी (अजून तरी),
आरोही

ता. क. ट्रॉली कुठे गेली ते लिहायचं राहिलंच. तुमच्याकडे. भाताच्या रोपांसाठी भाजायच्या राबावर तुम्ही जे शेणखत पसरलंत, त्यात चाचांची माती आहे. राब भाजून झाला असला तरी काळजी नको, चाचा म्हणतात, "जाळावं तर आमालाबी लागतंच, मामांनी निम्मं काम केलं." फक्त नांगर घालू नका, आणि ती राख मामींना भांडी घासायला नेऊ देऊ नका.

ता. क. आणखी एक. पत्र आणून देणारे गृहस्थ तेच नसीरचाचा. ते तुमच्या तोंडाकडे न बघता पायांकडे बघत असतील. राग मानू नका. राबातून नुकतेच आला असाल, तर पाय मोरीत धुऊ नका; चाचींनी घमेलं आणलंय, त्यातच धुवा. मी कुंपणाबाहेर कॅमेरा लावून उभी आहे.