डोमिसाइल वानवडी

१६ ऑगस्ट २०२५, शनिवार
वर्ग सुरू झाला. रॅफल्स प्लेसला अकराव्या मजल्यावर, अकरा शनिवार. विषय: अमेरिकेतल्या फेडरल कोर्टांचं अधिकारक्षेत्र आणि कार्यपद्धती. अठ्ठावन्नाव्या वर्षी, पार्ट-टाइम लॉच्या तिसऱ्या वर्षाला, सिंगापुरात बसून हा विषय का, असं घरी विचारलं गेलं. दुसरा पर्याय शिपिंग लॉ होता. नवरा, निशिकांत, जन्मभर जहाजांवर चीफ इंजिनिअर होता. रोज जेवताना त्याने मला तो शिकवला असता.
पुस्तक चौदाशे पानांचं. शंभर पानं चाळली. मत: किळस. सगळं पुस्तक कोर्ट कुणाचं ऐकणार नाही याबद्दल आहे. आमच्या कॉन्व्हेंटमध्ये सिस्टर बर्नाडेट पेन्सिल हरवल्याचं गाऱ्हाणंही शेवटपर्यंत ऐकायच्या आणि मग दोघींना शिक्षा करायच्या. अधिकारक्षेत्राचा प्रश्न कुणी काढला नाही.
संकल्प: रोज वीस पानं. आणि डिसेंबरात पुण्याला कायमचं परत.

१७ ऑगस्ट
वाचन नाही. कपडे वाळत घालण्यात सकाळ गेली.

२१ ऑगस्ट
पद्माकरदादाचा पुण्याहून फोन. वानवडीचा आमचा बंद फ्लॅट शेजाऱ्यांना हवाय. त्यांच्या मुलाचं, धवलचं, लग्न ठरलं, मधली भिंत पाडून दोन्ही घरं एक करायची आहेत. दादा म्हणाला, मी एकाहत्तर वर्षांचा, दर महिन्याला तुझ्या खिडक्या उघडायला जातो, भिंतीला बुरशी धरलीय. येऊन राहा, नाहीतर देऊन टाक. पंधरा नोव्हेंबरपर्यंत सांग, ते लोक थांबणार नाहीत.
मी म्हटलं, डिसेंबरात येतोच आहोत. दादाने विचारलं, कुठल्या डिसेंबरात. त्याचा स्वभाव लहानपणापासून असाच.
तो फ्लॅट गेला तर पुण्यात आपल्या नावाचं दार उरत नाही. सव्वीस वर्षं या शहरात मी केवळ त्या दाराच्या जिवावर काढली. सकाळी तिथे लष्कराच्या हद्दीतला बिगुल ऐकू यायचा आणि मग दूधवाला.

३० ऑगस्ट, शनिवार
आज विषयात जीव आला. फेडरल कोर्टाला मुख्य दारं दोन. एक, भांडण फेडरल कायद्याचं असावं. दोन, भांडणारे वेगवेगळ्या राज्यांचे असावेत. दुसऱ्या दाराशी पहिला प्रश्न: तू कुठली? याचं उत्तर म्हणजे डोमिसाइल. जिथे राहतो आणि जिथे राहायचा इरादा आहे, ते ठिकाण. नवं मिळेपर्यंत जुनं सुटत नाही. मी समासात दोन रेघा मारल्या. माझं सुटलेलं नाही.
प्रोफेसरांनी असाइनमेंट दिली: स्वतःचं डोमिसाइल पुराव्यानिशी सिद्ध करा. शेजारी बसणारी शू हुई, सव्वीस वर्षांची, मला आंटी म्हणते. तिने चार ओळींत तिथल्या तिथे संपवलं. इथे जन्मले, इथे राहते, फ्लॅटसाठी अर्ज केलाय, कुठे जाणार. खोली नाही या मुलांमध्ये.
मी हे साग्रसंगीत लिहिणार आणि एक प्रत दादाला पाठवणार. कायद्याच्या भाषेत वाचल्यावर तरी तो गप्प बसेल.

७ सप्टेंबर
पुरावे गोळा केले.
पुण्याच्या लायब्ररीचं कार्ड सापडलं. २००१ साली संपलेलं, पण कार्ड आहे.
पुण्याचे डेंटिस्ट २०१२ मध्ये वारले, हा माझा दोष नाही. सध्याची डेंटिस्ट आमच्या ब्लॉकखाली आहे. बावीस वर्षांत तिने माझी एकेक दाढ हाताळलीय. दात पुराव्यात घेणार नाही.
पी. आर., म्हणजे इथल्या कायम रहिवासाचा परवाना, मागच्या महिन्यात पाच वर्षांसाठी रिन्यू केला. निव्वळ सोयीसाठी. हेही वगळलं.
कार्डाची झेरॉक्स काढली.

१४ सप्टेंबर
कार्डाने पान भरत नाही. दुपारभर विचार केला आणि मुख्य मुद्दा सापडला: इरादा. माझा या जागेत राहायचा इरादा नाही याचा सर्वांत मोठा पुरावा म्हणजे मला तिचा वीट आलाय. आमच्या या तोआ पायोह वस्तीचा इतका सविस्तर वीट कुणाला आला नसेल. डावी लिफ्ट पावसाळी दिवसांत सातव्या मजल्यावर कुरकुरते. उजवीत ड्युरियन फळाचा उग्र वास जूनपासून ऑगस्टपर्यंत मुक्कामाला. खालच्या हॉकर सेंटरमध्ये, खाण्याच्या गाळ्यांपाशी, पंख्याखालचं टेबल एक आजोबा टिश्यूचं पाकीट ठेवून अडवतात आणि स्वतः वीस मिनिटं माशाच्या सूपच्या रांगेत. मी ते पाकीट दोनदा शेजारच्या टेबलावर ठेवलंय. आता ते दोन पाकिटं ठेवतात.
टाउन काउन्सिलला मी एकोणीस वर्षांत एक्केचाळीस ईमेल लिहिले. सगळे छापून जोडणार. किमया घरी आली होती, गठ्ठा चाळून म्हणाली, मा, यू सो ऑन, केवढा उत्साह, पक्की तोआ पायोह आंटी लाह. मुलगी इथेच जन्मली, तिच्याकडून समज अपेक्षित नाही. तिला मराठीत रागावले, तिने इंग्रजीत चहा मागितला.

२७ सप्टेंबर, शनिवार
वर्गात ऐकलं की कोर्ट इरादा बोलण्यावरून नाही, वागण्यावरून ठरवतं. हे अन्यायाचं आहे.
२०२३ मध्ये सहा आठवडे वानवडीला राहायचं ठरवून गेलो होतो आणि एकोणीस दिवसांत परतलो. कारणं लिहून ठेवते: निशिकांतच्या ब्लडप्रेशरच्या गोळ्या, माझा खोकला, रस्ता ओलांडता न येणं. फातिमानगरच्या चौकात मी पंचवीस मिनिटं उभी होते. शेवटी एका शाळकरी मुलीने हात धरून नेलं. यात डोमिसाइलचा संबंध नाही, हा ट्रॅफिकचा प्रश्न आहे.

११ ऑक्टोबर, शनिवार
असाइनमेंट दिली. शीर्षक: ‘डोमिसाइल: वानवडी, पुणे’. जोडपत्रं त्रेचाळीस. शू हुईने विचारलं, आंटी, स्टेपलर पुरला का. दादाला स्कॅन करून पाठवलं.

२० ऑक्टोबर, दिवाळी
दादाचा फोन. शुभेच्छा झाल्या. म्हणाला, सगळं वाचलं, इंग्रजी सुरेख आहे, सिस्टरांचं नाव राखलंस. मग म्हणाला, त्या टाउन काउन्सिलला एक्केचाळीस पत्रं. वानवडीच्या सोसायटीला किती?
मी म्हटलं, एकही नाही, कारण आपली सोसायटी चांगली आहे, तक्रारीला जागाच नाही.
दादा म्हणाला, राधिका, लिफ्ट आठ महिने बंद आहे. मी चार मजले चढून जातो तुझ्या खिडक्यांना.
त्याने मला कधी सांगितलं नाही. मीही विचारलं नव्हतं. चकल्या मऊ पडल्या.

२५ ऑक्टोबर, शनिवार
शेवटचा वर्ग. असाइनमेंट परत मिळाली. ए मायनस. वर प्रोफेसरांचा शेरा: पुरावा वर्गात सर्वोत्तम, सिद्ध मात्र तोआ पायोह होतं.
मी वर्ग संपल्यावर त्यांना गाठलं. म्हटलं, मला या जागेची घृणा आहे, तुम्ही वाचलंत ना. ते म्हणाले, वाचलं, दोनदा. जागा आवडायलाच हवी असं कायदा म्हणत नाही. पण सातव्या मजल्यावर लिफ्ट कुरकुरते हे कळायला माणूस तिथेच राहायला लागतो. पुण्याबद्दल तुम्ही एक बिगुल लिहिलाय.
अमेरिकन माणूस. बिगुल काय असतो त्याला काय कळणार.
शू हुई एमआरटी स्टेशनपर्यंत सोबत आली. म्हणाली, आंटी, ए मायनस इज व्हेरी गुड, मला बी मिळाला. हे ऐकून थोडं बरं वाटलं. उगाच खोटं कशाला लिहा.

८ नोव्हेंबर
चमत्कार झाला. टाउन काउन्सिलचं उत्तर आलं. डावी लिफ्ट बदलणार. नऊ डिसेंबरला रहिवाशांची बैठक, आणि इतकी वर्षं तपशीलवार नोंदी ठेवल्याबद्दल मला खास बोलावलंय. म्हणजे डिसेंबर अशक्य. मी नसले तर ते कुठलीही लिफ्ट बसवतील.
निशिकांतला सांगितलं. तो ईस्ट कोस्टला समुद्रकाठी फिरून आला होता, बूट काढत म्हणाला, बरं. मी विचारलं, पुण्याचं काय. तो म्हणाला, निवृत्त झाल्यापासून सहा वर्षांत मी त्याबद्दल काही बोललोय का. आठवून पाहिलं. नाही बोलला. तीस वर्षं समुद्रावर काढलेल्या माणसाला एका जागी बसायचं असेल, हे मला सुचलं नव्हतं. मग त्याने चहा केला, साखर जास्त.
दादाला मेसेज केला: धवलला दे. पण कायमचं विकतोय असं समजू नकोस. पुढे लिफ्ट चालू असलेला नवा घेऊ. दादाने अंगठा पाठवला. मग थोड्या वेळाने: बिगुल हल्ली ऐकू येत नाही, गाड्यांचा आवाज फार. तुला सांगायचं राहिलं होतं.

१४ नोव्हेंबर, शुक्रवार
विक्रीसाठी दादाच्या नावाने मुखत्यारपत्र करायचं, ते साक्षांकित करायला भारतीय हायकमिशनमध्ये गेले. अडीच तास रांग. एसी इतका की स्वेटर घातला. फॉर्म मी कॉन्व्हेंटच्या अक्षरात भरला. काउंटरवरच्या बाई तरुण, चष्म्यातून वाचत होत्या. ‘कायमचा पत्ता’ या रकान्यावर पेन ठेवून हिंदीत म्हणाल्या, मॅडम, जो फ्लॅट बेच रही हैं, वही परमनंट कैसे लिखा है.
मी त्यांना सांगायला लागले की नवं डोमिसाइल मिळेपर्यंत जुनं सुटत नाही. त्या म्हणाल्या, मॅडम, पीछे लाइन है.
खोडून खाली तोआ पायोहचा ब्लॉक नंबर लिहिला. तात्पुरता म्हणून लिहायला शेजारी जागा शोधली. तसा रकाना त्या फॉर्मवर नव्हता. बाईंनी शिक्का मारला.