पाय भुईला टेकायच्या आत

अण्णा,

तुम्हाला जाऊन सव्वीस वर्षं झाली, आणि आज तुमच्याशी बोलायला बसले ते आईमुळे. तुमच्या वह्या पुढ्यात आहेत. तुम्ही शाळेत मास्तर, पण गावात तुम्हाला स्वप्नांचे मास्तर म्हणायचे, काही जण हसून, काही जण मनापासून. तुमच्याआधी आपल्याकडं स्वप्न विचारायचे ते शकुनासाठी. साप दिसला, पाणी दिसलं, मग त्याचा अर्थ काय, एवढंच. तुम्हाला अर्थाशी घेणंदेणं नव्हतं. जाग आली की ते जातं कुठं आणि धरून ठेवता येतं का, हे तुम्हाला हवं होतं. हा प्रश्न आपल्या भागात वही घेऊन विचारणारे तुम्ही पहिलेच.

तो प्रश्न तुमच्याकडं आणला मेंढरांमागं फिरणाऱ्या एका बाईनं. मी तेव्हा सातवीत. त्यांचा कळप पाली गावाच्या बाजूला बसला होता, आणि ती सकाळीच आपल्या ओट्याशी येऊन उभी राहिली. तिचं चार वर्षांचं पोरगं तापानं गेलं होतं. फोटो एकही नव्हता. "सपनात येतंय मास्तर," ती म्हणाली, "पर जाग आली की तोंड पुसल्यावानी जातंय. पाय दिसत्यात, सदरा दिसतोय, तोंड न्हाई. कावून असं?" तुम्ही म्हणालात, "मला माहीत न्हाई." तुमच्या तोंडून हे वाक्य मी पहिल्यांदाच ऐकलं. आईनं दिलेला चहा तिनं उभ्यानंच घेतला. तुम्ही म्हणालात, "आठ दिसांनी ये. बघतो."

ते आठ दिवस मला अजून लख्ख आठवतात. तुम्ही आम्हा दोघींना, आईला आणि मला, रोज पहाटे वेगळ्या तऱ्हेनं उठवताय. एक दिवस हलवून, एक दिवस नुसती हाक मारून, एक दिवस अजिबात न उठवता शेजारी पेन घेऊन बसून. आई भाकरी थापता थापता करवादते, "आधी चूल पेटू द्या, मग लिवा माझी सपनं," आणि तरी सांगते. मला एकदा काहीच दिसलं नव्हतं. तुम्ही खूश व्हाल म्हणून मी धारूरच्या किल्ल्यावर हत्ती पाहिला असं ठोकून दिलं. दुसऱ्या दिवशी तुम्ही तेच पुन्हा विचारलंत आणि माझा हत्ती भलतीकडंच गेला. तुम्ही पेनाला टोपण लावलंत. आवाजही चढवला नाहीत. "न्हाई दिसलं तर न्हाई म्हण. त्या बाईला काय सांगू मी, तुझा हत्ती?" मला इतकं लागलं की त्या दिवशी मी जेवले नाही.

आठव्या दिवशी ती आली तेव्हा तुमच्याकडं सांगण्यासारखं होतं. जाग आली तरी डोळे उघडायचे नाहीत, कूस बदलायची नाही, पाय भुईला टेकवायचे नाहीत. तोंडामागं धावायचं नाही. जे सगळ्यात बारीक असेल, एखादा वास, एखादा आवाज, ते आधी पकडायचं आणि पुटपुटायचं. बाकीचं त्याच्या मागून येतं. पंधरवड्यानं ती बाई पळतच आली. "दिसलं मास्तर! भुवईवर खोक व्हती त्याच्या, मी तर इसरूनच गेलते!" ती हसत होती, रडत होती, आणि आईनं तिला जवळ घेतलं होतं. मग लोक यायला लागले, पार चकलांब्याहून. कुणाला आईचा आवाज हवा होता, कुणाला भावाची चाल. तुम्ही सगळं नीट उतरवून विद्यापीठाला पाठवलंत. उत्तर आलं नाही, पण त्याचं तुम्हाला फार वाटलं नाही.

पुढच्या वर्षी कळप परत आला. ती बाई वाळून काडी झाली होती. ओट्यावर बसली आणि म्हणाली, "आता रोज येतंय. समदं दिसतंय. त्याचा शेवटचा दिस बी. आता इसरायचं कसं तेवढं सांगा." तुम्ही वही मिटून बाजूला ठेवलीत. मग म्हणालात, "ते मला येत न्हाई, बाई." ती म्हणाली, "मग शिकवलंव कशाला?" आणि उठून गेली. त्यानंतर तुम्ही कुणालाच काही सांगितलं नाहीत. शेवटच्या वहीची निम्मी पानं कोरी आहेत. मी ती पुन्हा पुन्हा उलटून पाहिली, विसरायचं कसं ते कुठंतरी लिहून ठेवलं असेल म्हणून.

कारण तीन वर्षांपासून आई विसरत चालली आहे. दुपारी जेवलेलं तिला संध्याकाळी आठवत नाही. पण तुम्ही लावलेली सवय गेलेली नाही. पहाटे डोळे मिटूनच पुटपुटते आणि मग मला विचारते, "तुझे अण्णा आलते, हितंच बसलते. कुठं गेले?" आधी मी खरं सांगायचे. "कधी गेले? मला कुणीच कसं सांगितलं न्हाई?" म्हणून ती आजच घडल्यासारखी रडायची, आणि दुसऱ्या पहाटे पुन्हा तेच. मग मी खोटं बोलून पाहिलं, तुम्ही शाळेत गेलात असं सांगितलं. ती दुपारपर्यंत दारात बसली, जेवायला येईना, तुम्ही आल्याशिवाय कशी जेवू म्हणाली. बीडच्या डॉक्टरांनी एवढंच सांगितलं की सांभाळून घ्या. कसं, ते त्यांनाही माहीत नसावं.

अण्णा, दोन महिने झाले, मी तिच्या आधी उठते. तिची चुळबूळ सुरू झाली की खटकन दिवा लावते, पांघरूण ओढते, दंडाला धरून तिला बसवते आणि तिचे पाय गार फरशीवर ठेवते. मोठ्यानं बोलत राहते, काहीबाही, नळाचं, दुधाचं. तुमच्या वहीत लिहिलंय त्याच्या बरोबर उलट. ती दचकते, पण मग काही विचारत नाही. चहा घेते, दोन घास खाते.

आज सकाळी मला थोडा उशीर झाला. पाय टेकवले तरी तिच्या तोंडावर हसू राहिलंच होतं. माझ्याकडं बघून म्हणाली, "लई बरं वाटत व्हतं बघ. कोण व्हतं गं आत्ता?" मी म्हणाले, "कुणी न्हाई, आई."

हे पत्र पाठवता आलं असतं तरी मी पाठवलं नसतं. तुम्ही असं करू नको म्हणाला असतात, आणि मी उद्याही तिला तशीच उठवणार आहे.