वनहद्दीलगतचे चार एकर

३ जून, सोमवार
झाले एकदाची रुजू! दुय्यम निबंधक म्हणून स्वतःची खोली, स्वतःची खुर्ची आणि खिडकीतून थेट राखीव जंगल. ह्यांना फोनवर सांगितलं तर म्हणाले, हवा पालटेल, डोकं शांत राहील. हेडक्लार्कना सगळे दादासाहेब म्हणतात. निवृत्तीला दीड वर्ष उरलंय, म्हणून कशालाच हात लावत नाहीत. पहिलं खरेदीखत मात्र झोकात झालं. जंगलाला लागून चार एकर, वनखात्याचा ना-हरकत दाखला जोडलेला. विकणारा एक म्हातारा, कमालीचा नम्र. घेणारे एक निवृत्त मास्तर, मधमाश्या पाळणार म्हणे. मधाची पहिली बाटली मला द्यायचं कबूल केलंय.

६ जून, गुरुवार
तोच म्हातारा, तेच चार एकर, नवीन गिऱ्हाईक! यावेळी एक नर्सबाई. आजारी आईला मोकळ्या हवेत ठेवायचंय तिला. मी म्हटलं, आजोबा, ही जमीन तुम्ही सोमवारीच विकलीत. तो नुसता हसला. कॉम्प्युटरवर मालक तोच. मास्तरांचा दस्त नाहीच. मी स्वतः सही केलेला, तरी नाही! दादासाहेब म्हणाले, सर्व्हर झोपला असेल. मदतकेंद्राने मशीन बंद करून चालू करायला सांगितलं. तीनदा केलं. नर्सबाईला बाजूला घेऊन सांगितलं, थांबा जरा. तिला वाटलं, मला चहापाणी हवंय! शेवटी वरिष्ठांना विचारलं, तर मलाच झापलं. कागद पुरे असतील तर नोंदणी नाकारायचा मला अधिकार नाही. दातओठ खात सही केली.

१० जून, सोमवार
मास्तरांची सून आली. गेल्या मंगळवारी जमीन बघायला गेलेले सासरे अजून परतलेले नाहीत. पोलीस खरेदीखताची प्रत मागतात. कुठून देऊ? अख्खं कपाट उपसलं. ठशांच्या वहीत तेवढा मास्तरांचा अंगठा सापडला. आठवडा झाला तरी ओला. बोटाला लागली ती शाई नव्हती, माती होती.
लगेच नर्सबाईला फोन केला. जमिनीवर जाऊ नका म्हटलं. ती भडकलीच. ‘झाली ना नोंदणी? आता अजून काय हवंय तुम्हाला?’ फोन आपटला.

११ जून
वनरक्षकाला बोलावलं. त्या जमिनीत त्याला दर महिन्याला एक-दोन झाडं जास्त सापडतात. रोपटी नव्हे, उभी झाडं. त्याने वर कळवलं होतं. विहित नमुन्यात कळवा, असं उत्तर आलं. मीही वरिष्ठांना लिहिलं. मलाही तेच उत्तर! भिंतीवर डोकं आपटून घ्यावंसं वाटतं.
संध्याकाळी मशीन उघडलं. नर्सबाईची नोंद गेली. मालक पुन्हा म्हातारा. तिचा फोन लागत नाही—

१२ जून
तिच्या घरी फोन केला, आईने उचलला. मुलगी काल सकाळी जमिनीवर गेली, घरी आलीच नाही. दादासाहेबांना म्हटलं, चला माझ्यासोबत. त्यांनी रजेचा अर्ज पुढे केला. रिक्षा केली. मी सही केलीय. मलाच जायला हवं.

दुपार. इथेच बसून लिहितेय. मशीनमधलं पुसलं जातं, वहीतलं तरी राहील.
सापडली. जमिनीच्या मधोमध उभी. गुडघ्यापर्यंत मातीत. ओढलं, हलत नाही. शेजारच्या झाडाच्या सालीत चष्मा रुतलेला. नोंदणीच्या दिवशी याच चष्म्यातून मास्तरांनी दस्त वाचला होता.

वनरक्षकाला फोन लागला. निघालोय, म्हणाला. तुम्ही तिथं थांबू नका, म्हणाला. पण तिचे ओठ हलतात. सोडून जाऊ नका, म्हणते. कशी जाऊ?

तिच्या पायांभोवतीची माती उकरली. नखं तुटली. खाली पावलं नाहीत. मुळं—

बांधावर म्हातारा. सोबत नवीन माणूस, हातात कागद. मी ओरडले, घेऊ नका हो! तो माझ्याकडे बघतच नाही. झाडं बघतोय. माझ्याकडेच बोट करून म्हाताऱ्याला काहीतरी विचार—

उठते. गाठते त्याला.

चप्पल निघाली. पाय नि