तिसऱ्या कडव्यातली उडी

७ एप्रिल २००३, सोमवार

आईनं एकच वाक्य खोडलं. बाकी मजकुराला हातही लावला नाही.

फलकासाठी एकशेवीस शब्द हवेत. दोन आठवडे झाले, शाळेतून आले की तेच. ज्या खोलीत ओडेल आणि व्हर्लीन यांचं गाणं ध्वनिमुद्रित झालं तिथं आता लाँड्री आहे. तिच्या भिंतीवर कांस्याचा फलक लागणार. व्हर्लीन म्हणजे माझी आई. तेव्हा पंधरा वर्षांची. ओडेल बार्थे सोळाचा. दोघं आळीपाळीनं गायचे, एक ओळ त्याची, एक तिची, आवाज कधी एकत्र यायचे नाहीत. फक्त तिसऱ्या कडव्यात – ‘दिवा घालवू नकोस, मी वळणावर आहे’ – ओडेल गात असतो आणि ओळ अर्धी झाली नाही तोच व्हर्लीन त्याच्यावर झेप घेते. मग शेवटपर्यंत दोघं एकत्र. लोक त्याला ‘व्हर्लीनची उडी’ म्हणतात. त्यानंतर या देशात जोडीनं गाणाऱ्या कितीतरी जणांनी ती घेतली. परवा बसमध्ये दोन मुली गात होत्या, आईच्या जन्मानंतर पन्नास वर्षांनी जन्मलेल्या – एकीनं बरोबर तशीच उडी घेतली. तिला माहीतही नसेल ती कोणाची.

आईनं खोडलं ते हेच – ही उडी व्हर्लीनला सुचली, हे वाक्य.

का, विचारलं. आई भातावर घालायचा लाल घेवडा निवडत होती. “खोटं आहे म्हणून.” काय खोटं? “मजकूर तू लिहितेस ना? शोध.”

दमले आहे. वह्या तपासायच्या राहिल्यात.

१० एप्रिल, गुरुवार

मिस्टर ओडेल कॅलिफोर्नियाहून परत आलेत म्हणे. कायमचे. मूत्रपिंडं गेली. भाची डेल्फीनकडे राहतात, इथून सात गल्ल्या. तिचा फोन आला – काका व्हर्लीनबाईंची आठवण काढतात, एकदा येऊन जातील का?

आईला सांगितलं. “आधी त्याला खरं बोलायला सांग. मग येते.”

१९७२ पासून दोघं बोललेले नाहीत. मी तिथं होते, बारा वर्षांची, हातात बर्फाचा गोळा. उन्हाळी जत्रेत चौदा वर्षांनी दोघं पुन्हा एकत्र गाणार होते. मिस्टर ओडेल गर्दीला उडीची गोष्ट सांगायला लागले, आईचं तोंडभर कौतुक. आई मंचावरून खाली उतरली, माझा हात धरला आणि थेट बस. गोळा माझ्या फ्रॉकवर वितळला. घरी कोणी काही विचारलं नाही. आमच्याकडे विचारायची पद्धतच नाही.

१३ एप्रिल, रविवार

चर्चमध्ये आज गाताना सिस्टर युलालीचा आवाज मध्येच गेला. शेजारच्या बाईनं ओळ उचलली, मागचे दोन बाक तिच्यामागून. सिस्टर युलाली चौथ्या शब्दाला परत आली. नंतर जेवणाच्या टेबलावर कोणी त्याबद्दल चकार शब्द काढला नाही.

आमच्या चर्चचा हा जुना शिरस्ता. गाणाऱ्याला एकटं पडू द्यायचं नाही, आणि कोणाचा आवाज गेला ते नंतर बोलायचं नाही. फारच वेळ आली तर ज्यानं उचललं त्यानं बोलावं. ज्याचा गेला त्यानं कधीच नाही – ते कीव मागण्यासारखं दिसतं. आई आणि मिस्टर ओडेल दोघंही याच बाकांवर गायला शिकले.

मी गात नाही. ओठ हलवते. चाळीस वर्षं हलवतेय, अजून कोणाला कळलं नाही – की हेही कोणी बोलत नाही?

१५ एप्रिल, मंगळवार

शाळा सुटल्यावर मिस्टर ओडेलकडे गेले. खिडकीशी खुर्ची, मांडीवर चादर, हात अगदी काटकुळे. “या मास्तरीणबाई! परीक्षा घ्यायला आलात?”

मी मनाशी ठरवूनच गेले होते की खोटं म्हणजे ते प्रेमप्रकरण. रेकॉर्ड कंपनीनं दोघांना प्रेमिक म्हणून विकलं, आणि मिस्टर ओडेल मुलाखतींतून ते कधी नाकारत नसत, नुसते हसत. शाळेत पोरं मला विचारायची, तुझं नाक बार्थ्यांसारखं कसं? वडिलांनी एवढी वर्षं ते ऐकून घेतलं. आई रागावणार नाही तर काय? म्हणून म्हटलं, एवढं एक लिहून द्या.

ते इतके हसले की डेल्फीन आतून धावत आली. पण लिहून दिलं. ‘व्हर्लीन आणि मी कधीही प्रेमात नव्हतो. म्हणजे ती नव्हती.’ खाली सही, तारीख.

निघताना उडीबद्दल विचारलं – फलकासाठी, नीट नोंद हवी म्हणून. “तिलाच सुचलं. मी आपली माझी ओळ म्हणत होतो.” पुन्हा विचारलं. पुन्हा तेच, शब्दाला शब्द.

दारापर्यंत आवाज आला, “येईल ना ती?”

१७ एप्रिल, गुरुवार

आईनं चिठ्ठी वाचली, चष्मा काढला, पुसला, पुन्हा वाचली. हसली. म्हणाली, हे तुझ्या वडिलांनासुद्धा लग्नाआधीपासून माहीत होतं.

म्हणजे माझा अंदाज साफ चुकला. मग खोटं कोणतं?

“त्याला माहीत आहे. त्याच्या तोंडून येऊ दे.”

कंटाळा आला दोघांचा. पासष्ट आणि सहासष्ट वर्षांची माणसं! मधे मी, निरोप्या.

१९ एप्रिल, शनिवार

मजकूर पाठवला. वाक्य ठेवून.

इथं तरी प्रामाणिकपणे लिहिते. वाक्याच्या बाजूनं – रेकॉर्ड, जी कोणीही ऐकावी. मिस्टर ओडेलचा शब्द. गेल्या पन्नास वर्षांतल्या पाच मुलाखती, पाचही जुळतात. विरुद्ध – पेन्सिलीची एक रेघ, कारण न देता मारलेली. वर्गात मुलांना मी काय सांगते? पुरावा काय? तोच नियम आईला लावला.

विद्यापीठाच्या संग्रहालयात त्या दिवसाच्या मूळ टेपा आहेत असं कळलं. प्रत मागवली आहे. चार आठवडे लागतील म्हणे. थांबायला हवं होतं. पण समितीचे मिस्टर फॉन्टेनो म्हणाले, ओतकामवाला थांबणार नाही, त्याच्याकडे बँकेच्या पाट्यांची रांग आहे. आणि मलाही हे एकदा हातावेगळं करायचं होतं. हे दुसरं कारण जास्त खरं.

आईला सांगितलं. “बरं,” म्हणाली.

उद्या ईस्टर. तिची टोपी इस्त्रीच्या वाफेवर धरून सारखी करायची आहे.

२६ एप्रिल, शनिवार

मिस्टर ओडेल फार खालावलेत. बिछान्यातच होते. मी सरळ विचारलं, आई म्हणते तुम्ही खरं सांगत नाही. काय आहे ते एकदा बोलून का टाकत नाही? ती लगेच येईल.

त्यांनी डोळे मिटले. मला वाटलं झोपले. मग – “मी शब्द दिलाय.”

कोणाला?

“ते सांगितलं तर शब्द कसला राहिला, बाई?”

नाटकी म्हातारा! मंचावरून उतरून तीस वर्षं झाली तरी मंच काही उतरत नाही. वाटेत आईची औषधं घेतली. ती पायरीवर पाय वर करून बसली होती, पावलं सुजलेली. काय म्हणाला, तिनं विचारलं. “नाही म्हणाले,” मी म्हटलं.

तेवढंच सांगितलं. शब्दाबिब्दाचं काही बोलले नाही. ते ऐकून ती आणखी चिडेल असं वाटलं. की मलाच पुन्हा एक फेरी मारायची नव्हती?

२ मे, शुक्रवार

अकरावीचे पेपर. एकशे चौदा. डेल्फीनचे दोन फोन, उचलले नाहीत.

५ मे, सोमवार

मिस्टर ओडेल सकाळी गेले.

आई घेवडा निवडत होती. ऐकलं, मान हलवली, निवडत राहिली. संपूर्ण भांडं निवडून झालं, तरी बोटं फिरतच होती.

१० मे, शनिवार

अंत्ययात्रा. बँड, पांढरे हातमोजे, वाटेवर सगळी वस्ती. दफनाला जाताना संथ सूर, येताना नाच, आमच्याकडच्या रिवाजाप्रमाणे. आई सुजलेल्या पावलांनी कोपऱ्यापर्यंत चालली. पाद्रींनी तिला दोन ओळी म्हणायची विनंती केली होती. ती नाही म्हणाली. शेवटच्या बाकावर बसली, जिथं अनोळखी लोक बसतात.

मागून कोणीतरी म्हणालं, “माणूस गेला तरी बाईचा रुसवा जाईना.” आईनं ऐकलं. मी वळून बघणार होते, तिनं माझं मनगट दाबून धरलं.

रात्री तिचे बूट काढून दिले. जड वाटले.

१६ मे, शुक्रवार

टेपांची प्रत आली. शाळेत ऐकली, मधल्या सुट्टीत, भूगोलाच्या खोलीत दार लावून. घरी ऐकायचा धीर झाला नाही.

त्या दिवशी गाणं सहा वेळा म्हटलं गेलं. ‘दिवा घालवू नकोस, मी वळणावर आहे’ – पहिल्या पाच वेळा ही ओळ आई म्हणते. एकटी. अथपासून इतिपर्यंत. ओळ तिचीच होती. ओडेलची नव्हतीच.

सहाव्या वेळी तिसरं कडवं येतं, तिची जागा येते, आणि काहीच येत नाही. नुसता पियानो. एक मात्रा. मग ओडेल तिची ओळ म्हणायला लागतो, जणू ती त्याचीच आहे. अर्ध्यावर तिचा आवाज परत येतो. तो थांबत नाही, तिला एकटं सोडत नाही, शेवटपर्यंत बरोबर राहतो.

उडी नव्हती. तिला उशीर झाला होता.

पन्नास वर्षं लोक ज्याची नक्कल करतायत ते म्हणजे आमच्या चर्चमधला रविवार. एकाचा आवाज गेला, दुसऱ्यानं उचललं.

टेप तिथंच संपत नाही. काचेपलीकडचा माणूस म्हणतो, झकास, हेच ठेवू. मग कोणीतरी रडतंय. आई – माझ्या अकरावीतल्या मुलींहून लहान.

“माझा आवाजच गेला, ओडेल. कोणाला सांगू नकोस. शप्पथ घे.”

“तुझा कुठं गेला? माझी ओळ होती, तुला उडी सुचली. कोणीही विचारलं तरी हेच सांगीन. मरेपर्यंत.”

हे मी तीनदा ऐकलं. मग घंटा झाली. वर्गात गेले. काय शिकवलं आठवत नाही.

१७ मे, शनिवार

डोकं जड. आता सगळं उलगडतंय, आणि प्रत्येक ठिकाणी मीच उभी आहे.

शिरस्त्याप्रमाणे ज्यानं उचललं त्यानंच बोलायचं. आईला स्वतःहून सांगता येत नव्हतं. म्हणून ती आयुष्यभर त्याच्या बोलण्याची वाट बघत राहिली. जिथं जावं तिथं लोक तिच्या उडीचं कौतुक करायचे, आणि ती मान खाली घालून ते घ्यायची. चोरीचा माल घ्यावा तसं. आणि तो? तो पंधरा वर्षांच्या मुलीला दिलेला शब्द पाळत होता. तिनं त्याला त्यातून कधीच मोकळं केलं नाही म्हणून.

‘मी शब्द दिलाय.’ हे तीन शब्द मी सात गल्ल्या चालून आणले असते तर ती त्याच संध्याकाळी उठून गेली असती. नऊ दिवस हातात होते. मी ‘नाही म्हणाले’ एवढंच आणलं.

मिस्टर फॉन्टेनोंना फोन केला. फलक ओतून झालाय.

१८ मे, रविवार

चर्चहून आल्यावर सांगितलं. टेपेबद्दल नाही. फक्त तेवढंच, तीन आठवडे उशिरा – आई, ते म्हणाले होते, मी शब्द दिलाय.

ती टोपीच्या पिना काढत होती. हात तसाच वर राहिला.

“मला वाटलं, तो विसरला,” ती म्हणाली. “इतक्या वेळा ती गोष्ट सांगून त्याला स्वतःलाच खरी वाटायला लागली, असं मला वाटलं.”

मी वाट बघत होते, तिनं मला काहीतरी लागेल असं बोलावं. तिनं पिना एकेक करून डबीत ठेवल्या.

२८ मे, बुधवार

आई जेवते, झोपते, औषधं घेते. पेपर संपले. टेप माझ्या कपाटात, हिवाळ्याच्या कपड्यांखाली.

७ जून, शनिवार

फलक लागला. वाक्य त्यात आहेच, पावसापाण्यात टिकेल असं. लोकांनी आग्रह धरला. आई लाँड्रीच्या पायरीवर उभी राहिली आणि एकटीच गायली, ओडेलच्या ओळींना थांबत, त्याच्यासाठी जागा सोडत. तिसरं कडवं आलं. सगळे उडीची वाट बघत होते, तरणी पोरं तर तोंड उघडून. आईनं वेळेवर सुरुवात केली आणि ती ओळ एकटीनं म्हटली, पूर्ण, अथपासून इतिपर्यंत. क्षणभर कोणाला काय करावं कळेना. मग टाळ्या, जरा कीव आल्यासारख्या. माझ्या शेजारचे मिस्टर फॉन्टेनो हळूच म्हणाले, “वय झालं हो. उडी विसरल्या.” मी टाळ्या वाजवत राहिले. परत येताना आई गाडीत खिडकीला डोकं टेकून झोपली, हातमोजे न काढता.