‘बाबांचा अभिप्राय’ नावाचा रकाना

तीर्थरूप दादासाहेबांच्या सेवेशी,

साष्टांग नमस्कार. (साष्टांग कागदावरच समजावा. गुडघ्यांनी वाकायचं सोडून दिलं आहे, आणि मी एकदा खाली गेलो की वर काढायला दोन माणसं लागतात.) इकडे सगळे ठीक आहेत, म्हणजे जे ठीक नाहीत ते तसं बोलून दाखवत नाहीत. आपली कंबर, आपला रक्तदाब आणि आपली नवी कवळी या तिघांची चौकशी आपली बहीण फोनवर करत असतेच, म्हणून मी वेगळीच चौकशी करतो. आपल्या जिभेची प्रकृती कशी आहे? गोड, आंबट, खारट अजून जागच्या जागी लागतं ना? नाक चोंदतं का? हसू नका. कारण पुढे येईल, आणि ते हसण्यासारखं नाही.

आपणास ठाऊकच आहे की आठ महिन्यांपूर्वी मी कारखान्याच्या कॅन्टीनमधून निवृत्त झालो. एकतीस वर्षं रोज सहाशे माणसांचा स्वयंपाक, आणि त्यातला एकही हंडा माझी मान हलल्याशिवाय खिडकीवर गेला नाही. निरोपाच्या दिवशी मोठ्या साहेबांनी भाषणात माझ्या जिभेचं इतकं कौतुक केलं की आता ती बाहेर काढायला सांगून तिलाच हार घालतात की काय, अशी मला धास्ती पडली. त्याच जिभेच्या सन्मानार्थ मुलाने आणि सुनेने आम्हा दोघांना घेऊन एका आठवड्याची सहल ठरवली आहे. मोठं शहर, पूर्ण सात दिवस. सकाळी तिथली संस्कृती बघायची आणि दुपारी-संध्याकाळी तिथलं खास खाणं खायचं. पुढच्या महिन्याच्या पाच तारखेला निघायचं आहे. गाडीची तिकिटं आली, खोल्या ठरल्या, सुनेने मला नवा सदरासुद्धा आणला, आणि मी रोज सकाळी कॅलेंडरकडे फाशीची तारीख लागलेल्या माणसासारखा बघतो.

दादासाहेब, मला चव लागत नाही. हे वाक्य मी आज पहिल्यांदाच लिहितो आहे, घरात बोललो तर अजून कुणाशीच नाही. अकरा महिन्यांपूर्वी तो आठवडाभराचा ताप आला होता ना, त्यातून उठलो, पहिला चहा घेतला आणि तो गरम पाणी निघाला. मला वाटलं, हिने घाईत नुसतं पाणीच दिलं. रंग बघितला तर चहाचाच होता. नाक-कान-घशाच्या डॉक्टरीणबाईंकडे गुपचूप जाऊन आलो. (घरी सांगितलं, कात्रीला धार लावायला जातो. कात्री अजून बोथटच आहे.) त्यांनी माझ्या नाकाखाली एकेक बाटली धरली आणि विचारलं, कसला वास येतो. मी भिडेखातर प्रत्येक वेळी ‘छान आहे’ म्हणालो. त्यातली एक म्हणे रिकामीच होती. बाईंचं म्हणणं, वास गेला तरी जिभेला खारट-गोड एवढं तरी कळायला हवं. पण माझ्या जिभेने एकदा संप करायचा म्हटल्यावर अर्धवट केला नाही. परत येईल का, तर येईलही आणि येणारही नाही. एवढं तर मला फी न देतासुद्धा माहीत होतं.

निवृत्तीला तेव्हा तीन महिने उरले होते. ते कसे काढले ते मलाच माहीत. पहिल्यापासून माझी पद्धत अशी की पळीतला थेंब हाताच्या मागच्या बाजूला टाकायचा, चाटायचा, डोळे मिटायचे आणि मान हलवायची. तेवढा वेळ सगळं स्वयंपाकघर हातातलं काम थांबवून बघायचं. ते सोंग मी चालूच ठेवलं, आणि नंतर जाऊन उभा राहायचो तो उष्ट्या ताटांच्या खिडकीपाशी. रस्सा ताटात किती उरला, लोकांनी पाण्याचे जग किती वेळा भरून नेले, यावरून मीठ ओळखायचं. दोन जग जास्त गेले की दुसऱ्या दिवशी मूठ आवळायची. असं सहाशे माणसांच्या तहानेवर मी नव्वद दिवस काढले आणि एकही तक्रार आली नाही. साहेबांनी जिभेची स्तुती केली तेव्हा खरं तर हार पाण्याच्या जगांना घालायला हवा होता. मी खाली मान घालून बसलो होतो, आणि लोकांना वाटलं मला गहिवरून आलं आहे. (आलंही होतं, पण वेगळ्या कारणाने.)

बाईंनी एक व्यायाम दिला आहे. चार लहान बाटल्या, एकीत लवंगा, एकीत लिंबाची साल, एकीत कॉफी, एकीत साबणाचा तुकडा. सकाळ-संध्याकाळ एकेकीचा वास घ्यायचा आणि तो वास कसा होता ते आठवायचं. मी त्या न्हाणीघरात दाढीच्या सामानामागे लपवल्या आहेत आणि दार लावून हुंगत बसतो. त्या लपूनछपून भरायचा धीर मला एकदाच झाला, पण बाटल्या चांगल्या निघाल्या, झाकणं पक्की बसतात. लिंबाची साल अजून कालची असावी इतकी पिवळीधमक आहे. माझं नाक सोडून घरातलं सगळं टिकतं आहे, एवढंच काय ते समाधान.

आता आपण विचाराल, बायकोला का सांगत नाही. तुम्ही एकटे राहता, म्हणून उलगडून सांगतो. रोज संध्याकाळी आपली बहीण पळी पुढे करते आणि म्हणते, “बघा हो, मीठ बरोबर आहे का?” तेहतीस वर्षांच्या संसारात माझं मत तिने मागितलेली ही एकच बाब आहे. घर कुठलं घ्यायचं, मुलाला कुठल्या शाळेत घालायचं, पडदे कुठल्या रंगाचे, हे सगळं मला झाल्यावर कळलं. पळी मात्र रोज माझ्यापुढे येते. मी थेंब चाटतो, डोळे मिटतो, ‘किंचित घाल’ किंवा ‘जमलंय’ यापैकी जे सुचेल ते म्हणतो, आणि नशिबाने आजवर ते बरोबर निघालं आहे. ज्या दिवशी तिला कळेल त्या दिवसापासून ती पळी पुढे येणार नाही. मग त्या घरात मी नेमका कोण, हे मला सांगता येत नाही. याची मला भीती वाटते, दादासाहेब.

तर सहल. गेले तीन रविवार जेवणाच्या टेबलावर तिची बैठक बसते. सून विम्याच्या कचेरीत आहे. एखादी गोष्ट रकान्यात बसल्याशिवाय ती घडेल यावर तिचा विश्वास नाही. तिने सात दिवसांचा तक्ता केला आहे. मुलगा जमीन मोजणीच्या कामात, म्हणून त्याने मुक्कामापासून प्रत्येक खानावळीचं अंतर पावलांत काढलं. (माझ्या पावलांत. त्यासाठी मला बाहेरच्या खोलीत अर्धा तास येरझारा घालायला लावल्या.) तक्त्यात पहिल्या रकान्यात दिवस, दुसऱ्यात सकाळचं संग्रहालय किंवा जुनी इमारत, तिसऱ्यात दुपारचं खाणं, चौथ्यात संध्याकाळचं, आणि शेवटच्या रकान्यावर लाल शाईने लिहिलं आहे, ‘बाबांचा अभिप्राय, दहापैकी’. तो रकाना सातही दिवस कोरा आहे.

संस्कृतीला माझी ना नाही. चित्राला मीठ लागत नाही आणि पुतळा करपत नाही. म्हणून मी तोड काढली की खाणं कमी करून संस्कृती वाढवावी. मातीच्या भांड्यांच्या संग्रहालयाला एकच सकाळ कशी पुरेल, दोन दिवस द्या, म्हणालो. जुन्या घड्याळांचं दालन बघायचं म्हणालो. संध्याकाळी जेवायच्या वेळीच एक तीन तासांचं नाटक आहे, तेही धरा म्हणालो. शेवटचं नाटक बघताना माझ्या घोरण्याने नायिका वाक्य विसरली होती, हे घरात सर्वांना पाठ आहे. मुलाने उठून माझ्या कपाळाला हात लावून बघितला. सुनेच्या डोळ्यांत तर पाणीच आलं. तिला वाटलं, इतरांना कंटाळा येऊ नये म्हणून बाबा स्वतःचं मन मारताहेत. दुसऱ्या रविवारी बघतो तो तिने भांड्यांचं संग्रहालय काढून तिथे सकाळच्या न्याहारीची आणखी एक प्रसिद्ध जागा घातली. प्रेमळ माणसांपुढे काही इलाज चालत नाही.

आणि चौथा दिवस. तिथे बाजारामागे एक जुनी खानावळ आहे. तिचा मालक येणाऱ्यांचे डोळे बांधतो, पुढे नऊ वाट्या ठेवतो, आणि प्रत्येकीत काय काय पडलं आहे ते सांगायला लावतो. सुनेने माझं नाव नोंदवलं आहे. एवढ्यावर थांबली नाही. कचेरीतल्या मैत्रिणींना सांगून बसली की आमचे सासरे नऊच्या नऊ ओळखणार. तुम्ही म्हणाल, सगळ्याला ‘छान’ म्हणून वेळ मारून न्या. पण एकतीस वर्षांत मी परक्याच्या हातच्या कुठल्याही पदार्थाला ‘छान’ म्हटलेलं नाही. आता म्हटलं तर ही मंडळी तिथल्या तिथे डॉक्टर बोलावतील.

परवा सहज तुमची आठवण निघाली. लग्नानंतर तुम्ही पहिल्यांदा आमच्याकडे जेवायला आलात, भात तळापासून करपलेला होता, आणि तुम्ही तो दोनदा मागून घेतलात. तेव्हापासून ती गोष्ट मी प्रत्येक लग्नात, प्रत्येक बारशात सांगत आलो. आमच्या मेहुण्यांच्या तोंडात जीभ नसून चामड्याचा तुकडा आहे, असंही म्हटलं. लोक हसायचे आणि तुम्हीही हसायचात. आज ते आठवून मला वाईट वाटतं. माफ करा. तुमच्या चामड्यालासुद्धा त्या दिवशी करपट लागलं असेल. मला आता तेवढंही लागत नाही.

बाकी क्षेम. कमी-जास्त लिहिलं असल्यास पोटात घालावं.

आपला (पूर्वी चव घेणारा),
भावोजी

ता. क. या सहलीला तुम्ही आमच्याबरोबर यावं. संस्कृतीची तुम्हाला आवड आहे, असं मी घरी सांगून ठेवीन. प्रत्येक जेवणाला माझ्या शेजारी बसायचं, आधी तुम्ही चाखायचं आणि टेबलाखालून माझा पाय दाबायचा. एकदा दाबला तर मीठ कमी, दोनदा तर जास्त, तीनदा तर तिखट, आणि दाबून तसाच धरला तर करपलेलं. नऊ वाट्यांचं कसं करायचं ते समक्ष ठरवू. तेहतीस वर्षं ज्या जिभेची थट्टा केली तिच्याच दारी आलो आहे, नाही म्हणू नका.

आणखी ता. क. आपल्या बहिणीला यातलं अक्षर कळता कामा नये. पत्र तीच टपालात टाकेल, पण काळजी नसावी. मी लिफाफा दोन्ही बाजूंनी खळीने चिकटवला आहे, आणि परक्याचं पत्र ती फोडत नाही.

*

दादा, हे अक्षर माझं आहे. खळीत पाणीच पाणी होतं, लिफाफा टपालपेटीपर्यंत पोचायच्या आधीच उघडला. आणि तू काही परका नाहीस.

ते तापातून उठले त्याच आठवड्यात मला कळलं. एका संध्याकाळी मी मीठ घालायलाच विसरले होते. त्यांनी थेंब चाटला, डोळे मिटले आणि ‘जमलंय’ म्हणाले. त्या दिवशी मी अळणीच जेवले, आणि भांडी घासताना रडले. तेव्हापासून आधी मी चाखून सगळं नीट करते आणि मग पळी पुढे धरते. ‘किंचित घाल’ म्हणाले तर चिमूट उचलते आणि त्यांची पाठ वळली की डब्यात परत टाकते. विचारायचं थांबवणार नाही. बाटल्यांतली साल दर चार दिवसांनी मी बदलते. झाकणं काही पक्की नाहीत.

तो करपलेला भात माझ्या हातचा होता म्हणूनच तू दोनदा मागून घेतलास, हेही त्यांना सांगू नकोस. आता जुनं झालं.

तू ये. तिकीट मुलाला काढायला सांगितलं आहे. पण चाखायचं काम तुझ्यावर सोडणार नाही, तुझी नवी कवळी आहे. मी तुझ्या दुसऱ्या बाजूला बसेन. मी चाखीन आणि तुझा पाय दाबीन, मग तू त्यांचा दाब. त्यांच्या उजव्या पायाला कुरूप आहे, म्हणून डावाच दाब, आणि हळू.